दम असलेली माणसं पाहिजेत

माझ्या फोटो स्टुडिओला बावीस पायऱ्या आहेत. बोईसर स्टेशनच्या पश्चिमेला, खाली चपलांचं दुकान, वर आम्ही. डायरेक्टर ह्या पायऱ्या रोज चढत आणि रोज अकराव्या पायरीवर थांबत. तिथे भिंतीवर माझ्या वडिलांच्या काळातली एक काचेची चौकट आहे आणि तिच्यात नमुन्याचे पासपोर्ट फोटो आहेत. त्या चौकटीसमोर ते कमरेवर हात ठेवून तीन-चार मिनिटं उभे राहत. मी वरून सांगायची, "सर, चहा गार होतोय." ते खालून म्हणत, "चेहरे बघतोय, ताई. काय चेहरे आहेत एकेक." सहा वर्षं ते तेच आठ चेहरे बघत होते. त्यातला एक माझा होता, दहावीच्या हॉलतिकिटाचा.

बावीस पायऱ्या एका दमात न चढणाऱ्या माणसानं जगातला कुठलाही विषय निवडावा. ह्यांनी दमाचाच निवडला होता. शंभर-शंभर किलोमीटर धावणारे, समुद्रात तासन्‌तास पोहणारे, दिवसरात्र सायकल चालवणारे, अशा लोकांवर ते माहितीपट करत. करत म्हणजे, करत असत. सोळा वर्षांत एकही पुरा झाला नव्हता. पण आमच्या बोईसरात एखाद्याला एकदा डायरेक्टर म्हटलं की तो नेमकं काय डायरेक्ट करतो हे कोणी विचारत नाही. निम्मं गाव कुठल्या ना कुठल्या कंपनीत सुपरवायझर आहे, त्यांनाही कोणी विचारत नाही.

फिल्म पुरी न होण्यामागे एक नियम होता आणि तो ते अभिमानानं सांगत. "तो थांबेपर्यंत आपण थांबायचं नाही." म्हणजे धावणारा धावतोय तोवर कॅमेरा चालू. मग ते सगळं घेऊन ते माझ्या वडिलांच्या जुन्या डार्करूममध्ये बसत आणि कापायला घेत, पण त्यांना एक तुकडाही कापवत नसे. "इथे बघा, ताई, इथे त्याच्या मनात काहीतरी झालं." मी बघायची. एक माणूस धावताना दिसायचा. "आता इथे बघा, ते मनातलं गेलं." पुन्हा तोच माणूस, तसाच. एकदा मी हट्टानं पहिल्यापासून बघायला बसले. अडीच तासांनी मला डुलकी लागली. जागी झाले तर तो अजून त्याच रस्त्यानं धावत होता, फक्त टोपी बदलली होती.

ती डार्करूम भाड्यानं मागायला ते पहिल्यांदा आले तेव्हाच मला कळायला हवं होतं. मी म्हटलं, खोली लहान आहे, खिडकी नाही. ते म्हणाले, "मला खोली नकोय. मला अंधार हवाय." अंगावर लांब पल्ल्याच्या शर्यतीचा टी-शर्ट होता, पाठीवर मोठ्या अक्षरांत 'फिनिशर'. असे टी-शर्ट त्यांच्याकडे डझनभर होते, धावणाऱ्यांनी उरलेले दिलेले. एकही पोटावर नीट बसत नसे. पायात मात्र धावण्याचे महागाचे बूट, आणि ते घालून ते स्टेशनवरून माझ्या दारापर्यंत रिक्षानं येत. रिक्षात बसण्याआधी मीठ-साखरेचं पाणी पीत. वडापाव खाण्याआधी मनगटावर दोन बोटं ठेवून नाडी मोजत, आणि मोजून झाली की आकडा काहीही असो, दोन खात.

मला त्यांनी साऊंडला घेतलं, कारण मी हाताशी होते. शूटिंगला निघालं की ते मला 'ताई' म्हणणं बंद करत आणि 'साऊंड' म्हणत. "साऊंड, तयार?" माइक त्यांचा, बाकी सामान माझं. माइक बांधायला मागच्या पडद्याचा स्टीलचा दांडा, आणि वारा लागू नये म्हणून त्यावर अस्वलाचं कातडं. हे अस्वल बाळांच्या फोटोत मांडीवर द्यायला ठेवलेलं होतं. त्यातला कापूस काढून मीच ते माइकवर शिवलं. डोळे तसेच राहिले. त्यामुळे धावून धावून अर्धमेल्या झालेल्या माणसाच्या तोंडासमोर वरून अचानक एक अस्वल यायचं. काही जण त्यानंतर जरा वेगानं धावले, असं माझं निरीक्षण आहे.

ह्या माइकला एक खोड होती. आम्ही चालायला लागलो की हेडफोनमध्ये बारीक शिट्टी यायची आणि बसलो की जायची. मला वाटलं, वायर हलत असेल. वायर बदलली. बॅटऱ्या बदलल्या. अस्वल धुतलं. शेवटी पालघरच्या एका दुरुस्तीवाल्याकडे माइक दोन दिवस ठेवला. परत देताना तो म्हणाला, "माइक ठणठणीत आहे, ताई. तुमचे कान तपासून घ्या." मी तपासले. तेही ठणठणीत निघाले. डायरेक्टर म्हणाले, "असू दे. प्रत्येक यंत्राचा एक स्वभाव असतो." मग मीही नाद सोडला.

एडवणच्या किनाऱ्यावर आम्ही एका पोहणाऱ्याचं शूटिंग केलं होतं. बँकेतला माणूस, रविवारी सात-सात तास पोहायचा. तो पाण्यात शिरला, डायरेक्टर स्टुलावर बसले, मी अस्वल समुद्राकडे रोखलं. तासाभरात त्याचा ठिपका झाला. डायरेक्टरांची नजर हलेना. "बघा, एका जागी कसा तोल धरलाय. लाट आली की वर, गेली की खाली. साऊंड, ही ध्यानावस्था आहे." ही ध्यानावस्था तीन तास चालली. मग मासळी वाळत घालणारी एक बाई बराच वेळ आमच्याकडे बघून बघून शेवटी जवळ आली.

"काय बगता?" तिनं विचारलं.

"तो पोहतोय ना, त्याचं शूटिंग चाललंय."

"तो? तो बोया हाय आमच्या जाल्याचा, तरंगनारा."

पोहणारा केव्हाच पलीकडच्या गावाला लागला होता आणि रिक्षा करून, घरी जाऊन, जेवून झोपला होता. हे आम्हाला त्यानंच फोनवर सांगितलं. मी हेडफोन काढला आणि दांडा आवरायला लागले. डायरेक्टर कॅमेऱ्यावरचा डोळा न काढता म्हणाले, "बोया थांबलाय का?" भरती येऊन स्टुलाचे पाय भिजेपर्यंत आम्ही तिथे होतो.

तारापूरच्या कारखान्यांच्या रस्त्यावर त्यांना एक सायकलवाला सापडला होता. दिवसातून चार फेऱ्या, उन्हातान्हात, चेहऱ्यावर काही नाही. तीन दिवस आम्ही माझ्या स्कूटरवरून त्याच्या मागे. मी चालवायची, डायरेक्टर मागे उलटे बसलेले, कारण त्यांना तो समोरून हवा होता. म्हणजे स्कूटर त्याच्या पुढे ठेवायची आणि तो कुठे वळणार हे मी ओळखायचं. चौथ्या दिवशी तो सायकलवरून उतरला आणि हात जोडून म्हणाला, "मैडम, हमसे कोई गलती हुई है क्या?" डायरेक्टरांनी विचारलं, "आप ये किसके लिए करते हैं? मन के लिए या शरीर के लिए?" तो म्हणाला, "डिब्बे के लिए, साहब. खाना ठंडा हो रहा है." त्यानंतर तो दुसऱ्या रस्त्यानं जायला लागला.

असं सगळं मजेत चाललं होतं. मग एका मे महिन्यात वहिनी स्टुडिओत आल्या.

वहिनी म्हणजे डायरेक्टरांच्या बायको, पालघरजवळच्या जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका. घर त्यांच्यावर चालायचं आणि त्याबद्दल त्या कधी बोलत नसत. त्या बावीस पायऱ्या न थांबता चढल्या, पदरानं कपाळ पुसलं आणि डार्करूमचं दार उघडं टाकलं.

"वेळ संपली," त्या म्हणाल्या. "सोळा वर्षं पुरवण्या जोडतेय मी. आता पुरवणी नाही. शाळा उघडायच्या आत एक फिल्म पाहिजे. पहिल्यापासून शेवटपर्यंत. ती माणसांना दाखवायची, आणि माणसं शेवटपर्यंत बसली पाहिजेत."

"किती माणसं?" डायरेक्टरांनी विचारलं.

"ताईंना धरू नका. ताई भिडेखातर बसतात."

"आणि नाही झाली तर?"

"शाळेच्या पहिल्या दिवशी मी शाळेत आणि तुम्ही दादाच्या दुकानात."

दादा म्हणजे वहिनींचे भाऊ. सफाळ्याला त्यांचं सिमेंट, चुना आणि विटांचं दुकान. मेहुण्यांसाठी त्यांनी फिरती खुर्चीसुद्धा आणून ठेवली होती, प्लॅस्टिक न काढता. डायरेक्टर पूर्वी एकदा तिथे एक दिवस बसून आले होते आणि नंतर आठवडाभर खोकत होते. "मला सिमेंट सहन होत नाही," ते म्हणाले होते. वहिनी म्हणाल्या होत्या, "तुम्हाला काम सहन होत नाही."

मला ते जायला नको होते, हे मी सरळ सांगते. मी दिवसभर गेटपासासाठी येणाऱ्या लोकांचे फोटो काढते आणि "मैडम, थोड़ा गोरा कर दो" एवढंच ऐकते. अशा बाईला मागच्या खोलीत, बोयाला ध्यानावस्था म्हणणारा एक माणूस हवा असतो. त्यांचा वहिनींवर राग नव्हता. ते फक्त त्या संध्याकाळी अकराव्या पायरीवर उतरतानाही थांबले.

दुसऱ्या दिवशी ते उत्साहानं आले. मनोरच्या पलीकडे डोंगरातल्या पाड्यांवर लोक विलक्षण चालतात असं त्यांनी कुणाकडून तरी ऐकलं होतं. तिथल्या आशाताईचा, म्हणजे पाड्यावर औषधपाणी बघणाऱ्या बाईंचा, नंबरही मिळवला होता. माझ्यासमोरच त्यांनी फोन लावला आणि मला ऐकू यावं म्हणून स्पीकर सुरू केला.

"तुमच्याकडे दम असलेली माणसं आहेत असं ऐकलंय."

"हायेत ना, सर. जाम हायेत."

"मला अशी माणसं पाहिजेत. किती असतील?"

"सतरा तं माज्या वहीतच हायेत."

डायरेक्टरांनी फोनवर हात ठेवला. "ताई, वहीत. तिथे नोंद ठेवतात." मग पुन्हा फोनवर, "नोंद कशी ठेवता तुम्ही?"

"ठेवायलाच लागते. कुनाला किती हाय, कवापासून हाय, वाढला का कमी झाला."

"उद्या सगळ्यांना एकत्र करता येईल?"

"करते की. शालेत बोलावते. धा वाजता. तुमी येनार म्हनजे चांगलंच झालं, सर. कोनी येतच नाय आमच्याकडं ह्याच्यासाठी."

फोन ठेवल्यावर त्यांनी मनगटावर दोन बोटं ठेवून नाडी मोजली. मग म्हणाले, "सोळा वर्षं मी चुकीच्या ठिकाणी शोधत होतो." हे वाक्य बरोबर होतं, पण कसं ते आम्हा दोघांनाही तेव्हा माहीत नव्हतं.

दहा वाजता शाळेच्या ओट्यावर रांग लागलेली होती. बहुतेक म्हातारी माणसं, दोन-तीन मधल्या वयाची. सगळी शांत बसलेली, हातात प्लॅस्टिकच्या पिशव्या. मला जरा चमत्कारिक वाटलं. डायरेक्टर मात्र हळू आवाजात म्हणाले, "शरीरयष्टी बघा. एक ग्रॅम जास्त नाही." कॅमेरा लागला, अस्वल वर गेलं, पहिला म्हातारा स्टुलावर बसला.

"बाबा, तुमच्यात दम कधीपासून आहे?"

"वीस वरसं झाली."

"वीस वर्षं. घराण्यात आणखी कुणाला?"

"बापाला व्हता. मोठ्या भावाला व्हता. तो त्याच्यातच गेला."

डायरेक्टरांनी मान खाली घातली. खेळता खेळता गेलेल्या माणसाबद्दल त्यांना फार आदर वाटे. मग विचारलं, "सगळ्यात जास्त दम केव्हा जाणवतो?"

"चढावर. आनि थंडीत पहाटचा."

"पहाटेचा सराव," डायरेक्टर माझ्याकडे बघून पुटपुटले. "आणि दम वाढवण्यासाठी काय करता?"

म्हाताऱ्यानं आशाताईकडे पाहिलं. "वाढवायचा कशाला? दवाखान्यात तं कमी कर सांगतात."

मला इथेच कळलं. आमच्या भागात 'त्याला दम हाय' म्हणजे त्याला दमा आहे, हे मला लहानपणापासून माहीत होतं आणि तरी ऐन वेळी डोक्यात शिरलं नव्हतं. मी सांगायला हवं होतं. पण माझा स्वभाव फार चांगला नाही. मी अस्वल स्थिर धरलं. आणखी चार जण झाले. पाचव्या बाईनं पिशवीतून फवाऱ्याचा पंप काढला, तोंडात धरला आणि दाबला.

"हे काय?" डायरेक्टरांनी विचारलं.

"दमाचा फवारा."

त्यांनी रांगेकडे पाहिलं. पिशव्यांतून डोकावणाऱ्या केसपेपरांकडे पाहिलं. मग माझ्याकडे पाहिलं. माझा दांडा हसण्यानं हलत होता. दुसरा कोणी असता तर सामान आवरून निघाला असता. डायरेक्टर घसा साफ करून आशाताईला म्हणाले, "मी डॉक्टर नाही हो. माझा शब्द चुकला. पण माणसं रांगेत बसली आहेत, आता शेवटपर्यंत घेतो." आणि त्यांनी सतराच्या सतरा माणसांना कुठल्या चढावर त्रास होतो, कुठल्या कुशीवर झोप लागते, हे त्याच गांभीर्यानं विचारलं. त्या माणसांना इतकं कोणी विचारलेलं नव्हतं. दोघांनी तर पुन्हा रांगेत बसून, सांगायचं राहिलेलंही सांगून टाकलं.

सतरावी एक म्हातारी होती. शेजारी करवंदांची पाटी.

"माला लवकर सोड," ती बसताबसताच म्हणाली. "मनोरला बाजारात जायचंय."

"गाडीनं?"

"कुठली गाडी? चालत."

"आणि परत?"

"परत पन चालत. मीठ, तेल, काय लागतं ते घेऊन. वर चढत."

"एवढा चढ? दम असताना?"

"दम हाय म्हनून काय झालं," म्हातारी म्हणाली. "दम खाते नि चढते. चौदा जागी दम खाते."

"चौदा? ठरलेल्या जागा आहेत?"

"ठरलेल्या नाय तं काय, रोज नव्या काढू?"

डायरेक्टरांनी खिशातून रुमाल काढून डोळ्यांना लावला. मला वाटलं धूळ गेली. पण ते रडत होते, आनंदानं.

दुसऱ्या दिवशी आम्ही त्या करवंदवाल्या मावशीच्या मागे मनोरच्या बाजारापासून वर निघालो. मावशी पुढे, डोक्यावर पाटी. मागे डायरेक्टर कॅमेरा खांद्यावर घेऊन, आणि त्यांच्याशेजारी दांडा धरून मी. हेडफोनमध्ये शिट्टी सुरू झाली, पण ह्या वेळी मी चिडले नाही. बाईला दमा आहे म्हटल्यावर शिट्टी येणारच. माइक निर्दोष सुटला. डायरेक्टरांनी एक कान लावून ऐकलं आणि म्हणाले, "हाच तो. हाच आवाज मला सोळा वर्षं हवा होता." तोंड उघडलं की त्यांचा शब्द तुटत होता, पण चढ माझाही जीव काढत होता, म्हणून मी लक्ष दिलं नाही.

पहिल्या आंब्याखाली मावशी बसली. डायरेक्टर तिच्यासमोर उभे. कॅमेरा चालू. आणि मग त्यांच्या लक्षात आलं. ती थांबली होती. त्यांच्या नियमाप्रमाणे आता थांबायला हरकत नव्हती. त्यांनी बटणावर बोट ठेवलं, माझ्याकडे एकदा पाहिलं, आणि कॅमेरा बंद केला. त्यांचे सगळे धावणारे, पोहणारे न थांबणारे होते, म्हणून फिल्म थांबत नव्हती. मावशी चौदा वेळा थांबत होती. फिल्म आपोआप चौदा तुकड्यांत पडत गेली. त्यांना काहीही कापावं लागलं नाही.

त्या चौदा जागांना नावं होती. एक मिश्रीची. एक मागे वळून कोण येतंय ते बघण्याची. सहावीला 'शिव्यांचा दगुड' म्हणत, कारण तिथे बसून मावशी त्या दिवशी ज्याच्यावर राग असेल त्याला मोठ्यानं शिव्या देई आणि उरलेला चढ हलक्या मनानं चढे. तिनं आम्हालाही विचारलं, तुमचा कोनी हाय का. डायरेक्टर म्हणाले, नाही, माझा कुणावर राग नाही. मी दुरुस्तीवाल्याला दोन दिल्या. खरंच बरं वाटलं.

शाळा उघडायच्या आधीच्या रविवारी फिल्म दाखवायचं ठरलं, पाड्यावरच, त्याच शाळेत. बावन्न मिनिटांची झाली होती. आम्ही दुपारीच वर्गाच्या खिडक्यांना बारदान लावलं आणि फळ्यावर माझा पासपोर्ट फोटोचा पांढरा पडदा बांधला. सतरा जण आले, त्यांची घरची माणसं आली, आशाताई आल्या. वहिनी दादांच्या सिमेंटच्या टेम्पोतून आल्या. टेम्पो अंगणात वळला तशी पांढरी धूळ उडाली आणि डायरेक्टरांना खोकल्याची उबळ आली. वहिनींनी पदर झटकला, सगळ्यात मागच्या बाकावर बसल्या आणि मनगटावरचं घड्याळ पुढे घेतलं. परीक्षेच्या वर्गावर देखरेखीला बसतात तशा त्या बसल्या होत्या.

फिल्म सुरू झाली. माणसं छान रमली. आंबा दिसला की 'आंबा', दगड दिसला की 'शिव्यांचा दगुड', असा सगळा वर्ग बोलायचा. पाचव्या जागेपर्यंत कोणी उठलं नाही. आठव्यापर्यंत नाही. मी मनात मोजत होते. डायरेक्टर प्रोजेक्टरजवळ उभे होते आणि एका हातानं दुसऱ्या हाताची नाडी धरून होते.

अकराव्या जागेच्या आधीच्या चढावर मावशी उठून उभी राहिली.

"बंद कर," ती म्हणाली.

डायरेक्टरांनी बंद केलं. वर्गात बारदानाच्या फटींतून येईल तेवढाच उजेड उरला. वहिनींनी घड्याळात पाहिलं. बावन्नातली अकरा मिनिटं राहिली होती, आणि ती नाही दाखवली तर खुर्चीचं प्लॅस्टिक निघणार होतं.

"काय झालं, मावशी?"

"हा दम माजा नाय."

"अहो, तुमच्याच मागून चालत घेतलाय."

"असू दे. माजा दम वाजत नाय असा. माजा खालून वाजतो, घरघर. हा वरचा हाय. शिट्टीचा."

"खरं हाय," फवारावाली बाई म्हणाली. "हा तिचा नाय. हिचा माला म्हाईत हाय."

"जरा पुन्ना लाव," पहिला म्हातारा म्हणाला.

डायरेक्टरांनी मागे घेऊन लावलं. सतरा माणसं डोळे मिटून ऐकायला लागली. तशी दर्दी मंडळी मी गाण्याच्या बैठकीलाही पाहिलेली नाहीत. एक म्हणाला, थोडा माझ्या भावाच्या वळणाचा आहे. दुसरा म्हणाला, नाही, त्याचा सोडताना वाजायचा, हा घेताना पण वाजतो. म्हाताऱ्यानं निकाल दिला, "हा आपल्या पाड्यातला नाय." मावशी कमरेवर हात ठेवून उभीच होती. "माज्या नावावर दुसऱ्याचा दम चालनार नाय. कोनाचा हाय त्याचं नाव सांग, मंगच पुडं लाव."

डायरेक्टर हताश होऊन माझ्याकडे बघत होते. मी अस्वलाकडे.

मागच्या बाकावरून वहिनी म्हणाल्या, "तो आमच्या ह्यांचा आहे."

सगळ्यांनी वळून पाहिलं.

"सोळा वर्षं रोज ऐकतेय मी हा आवाज," वहिनी म्हणाल्या. नेहमीचा शिक्षिकेचा आवाज होता. "मला वाटायचं घोरतात. जागेपणी पण येतो हे मला माहीत नव्हतं." मग त्या बाकावरून उठल्या, चालत पुढे आल्या आणि डायरेक्टरांच्या पाठीवर हात ठेवून कान लावल्यासारखं वाकल्या. फिनिशर लिहिलेल्या जागीच तो हात होता. "हाच आहे. लावा पुढे. मला शेवट बघायचाय."

"मंग ठीक हाय," मावशी म्हणाली आणि बसली.

उरलेली अकरा मिनिटं कोणी हललं नाही. पडद्यावर मावशी चढत होती आणि कानात डायरेक्टरांचा दम वाजत होता, आणि आता ते सगळ्यांना माहीत होतं. चौदाव्या जागेवर मावशी बसली, फिल्म संपली, बारदानं काढली. आशाताईंनी पिशवीतून वही काढली, बोटाला थुंकी लावून पान उलटलं आणि डायरेक्टरांसमोर येऊन उभ्या राहिल्या.

"वय सांगा, सर. अठरावं नाव."

सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरांनी त्यांना तपासलं आणि कागदावर लिहून दिलं: दमा. धूळ, सिमेंट, चुना यांपासून दूर राहावे. वहिनींनी तो कागद स्वतः दादांना नेऊन दाखवला. फिरती खुर्ची आता दादांचा हिशेबनीस वापरतो. कागद डायरेक्टरांनी माझ्याकडून लॅमिनेट करून घेतला आणि डार्करूमच्या दारावर ठोकला. "लोक स्पर्धेची प्रशस्तिपत्रं लावतात," ते म्हणाले. "माझ्यात दम असल्याचं सही-शिक्क्यानिशी लिहून मिळालंय."

फवारा सुरू झाल्यावर शिट्टी गेली. माइक अगदी स्वच्छ झाला, आणि मला चुकल्याचुकल्यासारखं व्हायला लागलं. डायरेक्टर अकराव्या पायरीवर मात्र थांबतच राहिले. फरक एवढाच की आता ते चौकटीकडे न बघता सरळ पायरीवर बसत आणि खालून मोठ्यानं सांगत, "ताई, दम खातोय." पुढे वहिनींची बदली जव्हारकडे झाली, तसे तेही गेले. तिकडे ते कुणाच्या मागे कॅमेरा घेऊन चालतात ते माहीत नाही, पण फोनवर सांगतात की दोन फिल्म पुऱ्या झाल्या. दारावरचा कागद ते माझ्याकडेच ठेवून गेले. फोटोला येणारी माणसं तो लांबून बघतात आणि विचारतात, तुमची पदवी का.

गेल्या महिन्यात मावशी आली. कुठल्याशा कागदासाठी तिला फोटो हवा होता. मी वरून तिच्या पावलांचा आवाज ऐकत होते. अकराव्या पायरीला तो थांबला.

"हीच का त्यानं सांगितली ती त्याची जागा?" तिनं खालून विचारलं.

"हीच."

"बेस हाय," ती म्हणाली. "बरोब्बर मधी हाय." आणि तिथेच बसून तिनं मिश्रीची डबी काढली.

कॅमेरा तयार होता, दोन गिऱ्हाइकं बाकावर ताटकळत होती. मी खाली उतरले आणि तिच्या शेजारी बसले. मला काही दम लागला नव्हता. तरी बसले.